पंखा बंद करा

घाडीबाईंकडे आधी पंखा बंद करावा लागतो.
डिलाईल रोड, तिसरा मजला, मे महिना,
आणि मी साउंडवाला, हात जोडून म्हणतो,
बाई, घरघर येते.
ठाऊक आहे रे, म्हणतात, चौथी फिल्म आहे माझी.

पहिलीत त्या अकरा सेकंद आहेत. कृष्णधवल.
गिरणीच्या गेटवर, मूठ वर, तोंड उघडं,
घोषणा मात्र नंतर भरलेली, कुणा पुरुषाच्या आवाजात.
दुसरी जर्मन लोकांनी केली.
बाई मराठीत दोन वाक्यं बोलतात
आणि त्यांच्यावर एक बाई जर्मनमध्ये
बराच वेळ बोलत राहते.
तिसरीत खाली पट्टी आली, माजी नगरसेविका,
घाडीचं गाडी झालेलं.
लोक सांगतात, बोलता बोलता रडल्या हो त्या.
रडल्या कसल्या. घाम तो.

या वेळची डायरेक्टर निलोफर, माहीमची,
संपाच्या वेळी तिची आईसुद्धा शाळेत असेल.
तिने विचारलं, त्या दिवशी गेटवर किती बायका होत्या?
जर्मनांना चाळीस सांगितल्या होत्या,
तिसरीत चारशे,
दोन्ही मी ऐकलंय.
हजार तरी असतील, बाई म्हणाल्या,
आणि कॅमेऱ्यात बघितलं, नेमकं, सरावाने.
कट.

पंखा लागला. चहा आला.
कॉलर माईक काढायचा राहिलेला.
बशीत चहा ओतत, कुणाकडे न बघता, म्हणाल्या,
सतरा होतो आम्ही.
बाकीच्या नाक्यावरून बघत होत्या. त्यांचं तरी काय चुकलं.
मग नावं. गुणवंता खांबे. शेलारांच्या दोघी जावा.
हसीना, जिची चप्पल गेटात राहिली
आणि जी एका पायाने चौकीपर्यंत चालली.
भिकी. तिची नणंद.
सोळावर अडल्या.
बोटं पुन्हा पहिल्यापासून.
मला धरून सतरा, का मला सोडून?
निलोफर आत दिवे गुंडाळत होती.

फाइल माझ्याकडे आहे.
स्टुडिओत सगळे फिल्टर लावून पाहिले,
घरघर काढली की नावंही जातात.
फिल्म लागेल पुढच्या महिन्यात, हजार बायकांची.
निलोफरला अजून सांगितलं नाही.

रात्री घरी हेडफोन लावतो, पंखा बंद करून.
बायको म्हणते, उकडतंय, लावा की.
थांब, म्हणतो, आत एक चालू आहे.