बटनं

डब्यात अजून सात बटनं आहेत,
पितळी. वरचा तारा झिजून नुसता फुगवटा उरलाय.

पणजोबा, उर्कुडा शिंपी, कामठीच्या छावणीत
मागच्या व्हरांड्यात मांडी घालून शिवत.
अक्षर वाचता येत नसे, बटनं वाचता येत :
एकेक सुटं, तर ग्रेनेडियर.
दोन-दोन, कोल्डस्ट्रीम.
तीन-तीन स्कॉट. चार-चार आयरिश.
पाच-पाचवाले वेल्श निघाले
तेव्हा पणजोबांची नजर गेली होती.
कुणी सांगितलं तर म्हणाले,
"हाताची बोटं सरली. आता सहावी नाही निघत."

लाटसाहेबाच्या दिमतीतला एक कप्तान,
कोल्डस्ट्रीमचा. दरबारासाठी नवा कोट हवा, उद्याच.
रात्र, दिवा, डुलकी.
पणजोबांनी तीन-तीन लावली.

कप्तान काही बोलला नाही.
दुभाष्या बोलला : यांची पलटण सगळ्यांत जुनी,
पण राजाच्या चाकरीत मागून आली, म्हणून यादीत दुसरी.
दुसरं म्हटलेलं यांना खपत नाही.
उजवं टोक मिळत नाही
तर रांगेत थेट डाव्या टोकाला उभे राहतात,
मधे नाही म्हणजे नाही.
आणि तू, उर्कुडा, त्यांना तिसरं केलंस.

मजुरी गेली. कोट अंगावर आला.

पणजीनं तो कन्हानकाठच्या ज्वारीत उभा केला,
तुराटीचे हात, वर काळं गाडगं.
पणजोबा म्हणाले, टोपी बरोबर जमली,
अस्वलाच्या कातड्याची असते त्यांची.
वाटर्लूत फ्रेंच हरले,
त्या हरलेल्यांसारखी टोपी यांनी घेतली.
"अस्वल डोक्श्यावर घेऊन उनात उभा राह्यते? कायले जी?"
"राजाची राखण. माशी बसली तरी हालत नाही."
"मंग बरा हाय," पणजी म्हणाली.
"आपल्याले तसाच पायजे."

पौषात बोरांसाठी खरं अस्वल उतरलं.
सकाळी गाडग्याच्या खापऱ्या,
एक बाही धुऱ्यावर,
ज्वारी मात्र जशीच्या तशी.
पणजोबांनी सापडली तेवढी बटनं तोडून आणली.
कोट तिथंच विटत गेला, लाल, मग गुलाबी,
मग चिमण्यांनी नेला थोडा थोडा
बाभळीवरच्या घरट्यांना.

आता कामठीत गार्ड्सचं सेंटर आहे, आपलं.
परवा मोटघऱ्यांचा प्रणय आला सुटीवर,
पँट आखूड करायला.
मशीन थांबवून विचारलं,
"रांगेत कुठं उभा राह्यतं बाबू?"
"उस्ताद उभा करन तिथं."
"उनात?"
"उनातच."
"अन् माशी बसली तं?"
बसलीच होती, त्याच्या पोटरीवर.
"सुटीवर हाय ना काका," म्हणाला,
आणि हाणली.