पापणी

ओमाहाच्या गाडीत बसताना ती व्हर्ना स्कालित्स्की होती.
न्यूयॉर्कात उतरल्यावर एका एजंटाने
सिगार दाताखाली धरूनच तिचं बारसं केलं : कोरीन डेल.
पाटीवर मावेल असं.
पाटी काही लागली नाही.

नर्स. टेलिफोनवरची मुलगी.
दुसऱ्या बायकोची धाकटी बहीण.
शेरीफला कॉफी देणारी, दोनदा,
दोन वेगळ्या शेरीफांना;
हॅट तीच, कपडेपटातली, आतून कुणाच्या तरी घामाची.
सिनेमे चार. एकात तिचा आवाज कापला,
एकात आवाज ठेवून तिला.

पण चौपन्नच्या नोव्हेंबरात, एका मंगळवारी,
ती प्रेत होती.
थेट प्रक्षेपण, चुकलं तर चुकलं.
उताणी पड, डोळे उघडे, दिग्दर्शक म्हणाला,
पाच सेकंद, मग कॅमेरा खिडकीकडे जाईल.
कॅमेऱ्याचं चाक केबलीत अडकलं.
इन्स्पेक्टर आपलं वाक्य विसरला.
आणि देशभरच्या दिवाणखान्यांत
नुसता तिचा चेहरा उरला,
एक्कावन्न सेकंद.
दिव्यांच्या धगीने भुवईचा रंग वितळून डोळ्यात उतरत होता.
माशी आली, गालावर हिंडली, ओठाच्या कडेला थबकली.
ती मेलेलीच राहिली.

तिकडे नेब्रास्कात, शेजारणीच्या टीव्हीपुढे
मांडीवर खसखशीच्या पावांची ताटली घेऊन बसलेली आई
उभी राहिली. ताटली फुटली.
रात्री ट्रंककॉल. बराच वेळ खरखर, मग :
“पापणी तरी लववायचीस गं.
माझ्यापुरती.”

याची फिल्म नाही.
गोदाम रिकामं करताना कंपनीने त्या सालची रिळं विकली,
म्हणतात त्यांतली चांदी काढून घेतली कुणी.
कुठल्या चमच्यात गेली असेल, काय सांगावं.

पुढे ग्लेंडेलला हातमोज्यांचं दुकान,
मग बायकांनी हातमोजे घालणंच सोडलं.
मग ड्रायव्हिंग स्कूल : बावीस वर्षं शेजारच्या सीटवर,
पायाखाली जादाचा ब्रेक.
“आरशात बघ,” ती पोरांना सांगायची,
“स्वतःला नव्हे. मागचं.”

डोळ्यांचा डॉक्टर अगदीच तरुण.
दिव्याकडे बघा, म्हणाला, पापणी लववू नका.
तिने लववली नाही.
त्याने नोंद केली, दिवा विझवला,
बाहेर जाऊन कुणाचा तरी फोन घेतला, परत आला.
“मिस स्कालित्स्की? झालं. मिटा आता.”
“कॅमेरा सरकला?”

त्याला काही कळलं नाही.
थेंब लिहून दिले,
दिवसातून तीनदा, कोरडेपणासाठी.