आडव्या पट्ट्या

दोन दिवस नऊ खोकी खोलीतच पडून होती.
नौशादभाई म्हणाले, लाकूड आहे शेवटी,
आधी घरची हवा ओळखू द्या त्याला.
सुदामानगरची हवा ओळखायला
आम्हाला सव्वीस वर्षं लागली,
पण ते मी बोलले नाही.

तिसऱ्या दिवशी त्यांनी मोझॅकवर पांढरा फोम पसरला,
चार पट्ट्या नुसत्या मांडल्या, न जोडता,
आणि गुडघ्यांवरूनच मान वर करून विचारलं,
"भाभीजी, उजाले के साथ डालूँ ना?"

त्यांचा नियम साधा.
पट्ट्या खिडकीपासून उजेडाबरोबर धावाव्यात.
सांधे दिसत नाहीत, खोली लांब वाटते,
पाहुणे म्हणतात, वा.

मी म्हटलं, आडव्या घाला.

"जोड़ दिखेंगे।"
दिसू देत.
"कमरा ठिगना लगेगा।"
लागू दे.
त्यांनी पेन्सिल कानावर ठेवली
आणि न कळणाऱ्या गिऱ्हाइकाला देतात तेवढा मान देऊन
म्हणाले, जैसा आप कहें.

काय सांगणार होते?
की खिडकीखालच्या पलंगापासून समोरच्या न्हाणीघरापर्यंत
सव्वादोन मीटर आहेत
आणि श्रीपाद त्यातलं पाऊणच चालतो.
मग पाय रोवले जातात.
डोकं पुढे निघतं, खांदे निघतात,
चपला तिथेच.
डॉक्टरांकडे याला मोठं नाव आहे.
घरात आम्ही म्हणतो, गाडी थांबली.

पण मागच्या महिन्यात पलासियाला रस्ता ओलांडताना
तो झेब्र्याच्या पट्ट्यांवरून असा गेला
एक, दोन, तीन, चार,
की माझाच हात सुटला.
पलीकडे सपाट डांबर लागलं
आणि पुन्हा खांब.
मागून कुणी ओरडत होतं, भिया, सरको.
मी वळून
उडालेल्या रंगाच्या पट्ट्या मोजत होते.

त्या रात्री मोझॅकवर चिकटपट्टीच्या रेघा मारल्या.
सकाळपर्यंत निम्म्या तळव्यांना चिकटून आल्या,
पण तोवर तो दोनदा जाऊन आला होता,
मला न उठवता.

चाळीस वर्षं त्यानं चिमणबागेत
खो-खोची मैदानं आखली.
फक्कीची रेघ दिसली की पाऊल उचलायचं,
पुसली जाऊ नये म्हणून.
बाकी बरंच विसरलंय ते शरीर.

दिवसभर ठोकळ्यावर हातोडी वाजत राहिली.
भिंतीपाशी अर्धं बोट फट सोडली,
उन्हाळ्यात फुगायला.
शेवटच्या पट्टीला कळलं की भिंतच वाकडी आहे,
एका टोकाला चार बोटं, दुसऱ्याला जेमतेम दोन.
नौशादभाईंनी ती तिरपी कापली
आणि माझ्याकडे न बघता बसवली.

संध्याकाळी उजेड आत आला
आणि ते म्हणाले होते तसे सगळे सांधे दिसले,
प्रत्येकाला केसाएवढी सावली.
खोली ठेंगणी वाटते, खरंच.

श्रीपाद उठला.
पहिली रेघ. दुसरी.
मी मोजत नव्हते असं दाखवत होते.
दहावीपाशी तो थांबला
आणि माझा हात आपोआप पुढे गेला.

"ही शेवटची आखणी कुणी केली? तिरपी आहे."

नौशादभाई हत्यारं भरत होते.
"साहब, लाइन सीधी है। दीवार टेढ़ी है।"

श्रीपादनं खाली पाहिलं, मग भिंतीकडे,
पंच पाहतो तसं, घाई न करता.
"मग भिंत बाद," म्हणाला,
आणि पाय उचलून आत गेला.