पखाल

दारूखान्याच्या भंगाराचा ट्रक
उद्यमनगरात रिकामा झाला तेव्हा
मी साच्याच्या वाळूत काकवी मळत होतो.
गंजक्या झडपा, साखळीचे कडे,
घणानं फोडलेला बिडाचा सिलिंडर,
आणि पितळेची एक पट्टी :
साल १९२९, खाली नंबर.
नाव नाहीच.

हैबती लोहारानं नंबरावरून अंगठा फिरवला.
इंग्रजी वाचता येत नव्हतं त्याला,
आकड्यांचं वळण तेवढं ओळखीचं.
‘ही आमची पखाल रं,’ म्हणाला,
सासुरवाडीचं कुणी अचानक स्टँडवर भेटावं
तसा, जरा लाजत.

तोफ होती म्हणे, एक. सलामीपुरती.
भंडारी तिच्या नळीत मिरच्या ठेवायचा.
पोटात दीडशे टन गोडं पाणी.
बंदराबाहेर मनवारी उभ्या असायच्या डोंगराएवढ्या,
त्यांच्या कुशीला लागायचं, नळी वर द्यायची,
आणि हैबती खाली, भट्टीत कोळसा मारत.
‘वरनं गोरं वरडायचं. लवकर पाजा, लवकर पाजा.
आमच्या म्हशी बऱ्या.’
प्रयाग चिखलीचा गडी, पुरात म्हशीच्या शेपटीला धरून
पैलतीर गाठणारा;
चार वर्षांत समुद्रात पाऊल बुडवलं नाही.

एकदा बुडाल्या बोटीची माणसं आली.
सोळा.
ओठांना मीठ, शब्द फुटेना.
यानं जर्मनचा मग भरभरून दिला.
पंधरा प्याले.
एक नुसता मगात बघत बसला.
‘मग?’
हैबतीनं बिडी पेटवली.
ती ओढून संपेपर्यंत मी थांबलो,
मग वाळू मळायला लागलो.

पट्टी पितळेच्या ढिगात गेली, तिचा भाव वेगळा.
त्यानं मागितली नाही,
मालकाला सुचलं नाही, मलाही.
सिलिंडर कुपोलात गेला
कोक, चुनखडी आणि मोडक्या चरकाच्या दातांबरोबर.
रात्री नऊला रस सुटला.
कुठला कुणाचा, कोण सांगणार.

चौथ्या दिवशी पंपाच्या कवचात
दाबाचं पाणी भरून बघितलं.
सांध्याखाली बारीक घाम. एक थेंब,
थांबून दुसरा.
‘गळतंय,’ मी म्हणालो.
‘तवाबी गळायचीच,’ हैबती हसला.
थेंब बोटावर घेतला, जिभेला लावला,
आणि उगाच दाराकडं बघत राहिला.

मी खडूनं फुली मारली.