मोजणी

साहेब, आधी घाम पुसा.
चहा टाकलाय. साधाच, पण साखर हात राखून नाही घातली.
तुमच्या माणसाने भिंतीवर लाल आकडा ओढला,
तिथेच माझी कपड्यांची दोरी होती.
सोडली मी ती. आकडा वाळायला अडचण नको.

चाळीस वर्षं या कबरींच्या आवारात राहते,
संगमरवरावर पीठ मळते.
धाकटी लेक अक्षरं शिकली
ती थोरल्या पाशाच्या शिळेवरून बोट फिरवत.
बावन्नच्या क्रांतीत त्यांची कापसाची जमीन गेली,
शिळेवरचा रुबाब राहिला.
आता तो तुमच्या उड्डाणपुलाच्या आड येतोय म्हणता.
येत असेल.

वहीत काय आहे? पुरुषांच्या तळघरात सहा?
उतरा, मोजा.
वाकून उतरा. इथे सगळेच वाकून उतरतात,
नाहीतर आडवे.

गाबेर, ऐकतोयस ना टेकडीपलीकडून?
ते खाली आहेत तोवर बोलून घेते.
सहाव्या कफनात माणूस नव्हताच.
तूच सांगितलंस, लग्नानंतरच्या पहिल्या हिवाळ्यात,
दिवा विझवल्यावर.
सदुसष्टचा जून. रेडिओ शत्रूची पडलेली विमानं मोजत होता,
मोजता मोजता त्याचा घसा बसला,
आणि सिनाईतून जे परतले ते अनवाणी परतले.
इस्मत परतला नाही.
त्याच्या बापाने त्याचा जुना ओव्हरकोट,
चार विटा आणि शेरभर कापूस
पांढऱ्या कापडात गुंडाळला
आणि घरातल्या बायकांना सांगितलं,
तोंड बघू नका.

मग ती अकरा सालची रात्र.
नदीवरचा पूल खोकत होता, अख्खं कैरो खोकत होतं.
हातगाडीवर कांद्याची पोती, पोत्यांखाली पोरगा,
एकोणीस वर्षांचा, एका पायात बूट.
इस्पितळात म्हणाले होते, कागदावर अपघात लिहा, मग न्या.
मामाने लिहिलं नाही, मागच्या दाराने नेलं.
दार तू उघडलंस. कंदील मी धरला.
ओव्हरकोट बाजूला सारलास,
विटा एकेक करून वर दिल्यास माझ्या हातात.
त्याच विटांवर आज साहेबांचा चहा उकळला.

त्याच्या आईने नाव सांगितलं होतं.
मी ते विसरले. मुद्दाम, घोकून घोकून विसरले,
कुणी मारून विचारलं तरी तोंडात येऊ नये म्हणून.

साहेब वर आले. सहा, म्हणाले, हिशोब जुळतोय.
जुळणारच.
सही येत नाही मला, अंगठा घ्या.

काल दौलत हानिम आली, टॅक्सी उभी ठेवून.
ऐंशी उलटली, तरी ओठांना रंग.
चादरीवर मांडलेल्या हाडांपाशी बसली ती
गुडघ्यांचा आवाज होईपर्यंत खाली.
बघ अतियात, म्हणाली, दात बघ भावाचे,
एकही पडलेला नाही. आमच्या घराण्यात असेच.
हो बाईसाहेब, मी म्हटलं, देवाची देणगी.
तिने रुमाल ओला करून तो जबडा पुसला,
माती होती तिथे, नव्हती तिथेही,
आणि पंचावन्न वर्षं साठवलेलं काहीतरी
त्याच्या कानाच्या जागी तोंड नेऊन सांगितलं.
मी पाठ फिरवली.
त्या पोराच्या आईचं होतं ते ऐकणं, की माझं,
कुणाचंच नव्हतं.

आता वाळवंटातली नवी दफनभूमी,
रांग चौदा, सिमेंट अजून ओलं.
शुक्रवारी पोराची आई नेहमीसारखी आली,
पदराखाली पाव, थोडे खजूर,
शेजारच्या परक्या कबरीशी बसायची सवय
इतक्या वर्षांत अंगात मुरलेली.
तिच्या तळहातावर मी चौदा लिहिले.
दोन बस बदला, पुढे टुकटुक.
ती म्हणाली, तिथे तरी जवळ बसू देतील?

दौलत हानिमला गुरुवार सांगितलाय,
हिला शुक्रवार.
ईदच्या सकाळी मात्र दोघी येतील.
त्याचं काय करायचं, गाबेर,
ते अजून सुचलेलं नाही.