गमावलेल्या वस्तूंचा रकाना

बॅलार्ड पिअरच्या दुसऱ्या मजल्यावर
माझं टेबल खिडकीपासून तिसरं.
बुडालेल्या बोटींचे खलाशी यायचे
आणि मी लिहायचो त्यांचं काय काय बुडालं.

हसनमियां वेळासकर, आगवाला, वय अंदाजे एकोणचाळीस,
मुक्काम डोंगरी, जमातीच्या खोलीत, गावच्या अकरा जणांत.
पत्र्याची पेटी एक. लुंग्या दोन. घोंगडी.
आरसा, बायकोसाठी डर्बनला घेतलेला,
साडेसहा शिलिंग.
'फुटका की साबूत?' मी विचारलं. रकाना होता तसा.
'दर्याखाली आहे, सायब. तुम्हीच बघून या.'

शत्रूचं जहाज: जर्मन. प्रकार:
पेपरवाले त्याला 'पॉकेट बॅटलशिप' म्हणत.
मी अर्थ सांगितला. तो बराच वेळ हसला.
'खिशातलं? त्याच्या एका तोफेत
आमचा भंडारी उपाशी असता तर मावला असता.
कुणाचा म्हणायचा हा खिसा?'

त्यांनी आधी माणसं उतरवून घेतली, मग बोट बुडवली.
हे त्यानं दोनदा सांगितलं.
दोन्ही वेळा मी लिहिलं नाही.

पाण्याच्या रेषेखाली छत्तीस जण.
भिंत हाताला गार, पलीकडे दर्या चालत असायचा.
कोळशाचा वास कुठेच नाही, सगळं तेलावर.
'त्यांच्या इंजनवाल्यांची फुप्फुसं
आतून पांढरी असणार,' तो म्हणाला, जरा हेव्यानं.

'मग एका पहाटे वरती लढाई लागली.
गोळे इंग्रजांचे, म्हणजे आपले,
म्हणजे ज्यांचा पगार खायचो त्यांचे,
आणि आम्ही दुसऱ्याच्या पोटात.
सारंग दुवा मागायला बसला आणि अडला.
काय मागायचं? गोळा लागू दे? चुकू दे?
शेवटी म्हणाला, या अल्ला, तुला दिसतंय ना, बस्स.

तेवढ्यात एक पोरगा आला, मिशी न फुटलेला,
कानातून रक्त.
बाहेरची खिट्टी काढली, दार लोटून ठेवलं,
आमच्याकडे न बघता वर पळाला.
बुडालो तर बाहेर पडा, एवढंच असेल मनात.
का हुकूम होता, कोण जाणे.
हे लिहा, सायब.'

फॉर्मवर 'गमावलेलं' होतं.
'मिळालेलं' असा रकाना नव्हता.
मी पेनाला टोपण लावलं.

त्या जहाजाला पुढे त्याच्याच कप्तानानं सुरुंग लावला.
काठावर लोक जमले होते, जत्रेला जमावेत तसे.
'आमच्याकडे जुनं गलबत कुजू देतात,' वेळासकर म्हणाला,
'पण किनाऱ्यावर. पोरं त्यात लपाछपी खेळतात.'

सन एकेचाळीस, मेची अखेर, पाठीला चिकटलेले सदरे.
बिस्मार्क बुडाल्याची बातमी आली तशी
सोराब मास्तरांनी सगळ्या ऑफिसला फालुदा मागवला.
मेलेल्या पुरुषांची नावं देतात हे लोक जहाजांना,
बिस्मार्क, श्पे, शार्नहोर्स्ट.
भाऊच्या धक्क्यावर पाहावं तर पीर, आया, देव्या.

वेळासकर शिक्क्यासाठी आला होता, नवी नली घेऊन.
'किती माणसं?'
'दोन हजारांवर गेली. शंभरेक वाचली.'
'भट्टीवरची?'
मी पेपर उलटापालटा केला.
तोफांचा घेर इंचात होता,
चिलखताची जाडी, वेग, वजन टनांत.
'खालच्या दारांच्या खिट्ट्या कुणी काढल्या का, ते दिलंय?'
मी फालुद्याचा माझा ग्लास त्याच्याकडे सरकवला.
तो त्यातल्या सब्जाकडे बघत राहिला,
काळे दाणे एकेक करून तळाला जात होते.

जूनमध्ये अलेक्झांड्रा डॉकवरून तो पुन्हा गेला,
कोळशाच्या बोटीवर.
दाव्याचा निकाल सप्टेंबरात आला:
पेटी मंजूर. लुंग्या मंजूर.
घोंगडी, अर्धी किंमत.
आरसा, चैनीची वस्तू, नामंजूर.