मुकं अक्षर

तोत्म्यात, सुखोना गोठली की
एव्लाम्पी आजोबा पत्रं लिहायला बसतात.
शब्दाच्या शेवटी अजून ते मुकं अक्षर,
ज्याला आवाज नाही,
जे अठरा साली रद्द झालं.

त्यांच्या वडिलांच्या छापखान्यातून
खलाशांनी त्याचे खिळे पोत्यात भरून नेले.
एक उरला, कोटाच्या अस्तरात.

"काय उपयोग त्याचा?" मी विचारते.
"तुझ्या बापाची खुर्चीही रिकामीच आहे.
उचल बघू."
मी उचलत नाही.

यंदा तेच अक्षर चौकात भेटलं :
बँकेच्या पाटीवर, वोदकाच्या बाटलीवर,
सैन्यभरतीच्या फलकावर, सोनेरी.
मला वाटलं, म्हातारा हरखेल.
त्यांनी चष्मा पुसला, जवळ गेले.
"स्वरापुढे कुणी लावतं का हे?
यांना जुनं हवंय,
पण शिकायचं नाहीये."

नगरपालिकेला तीन पानी पत्र गेलं,
जुन्या शुद्धलेखनात.
उत्तर नाही.

रात्री त्यांनी खिळा माझ्या तळहातावर ठेवला.
उलटं अक्षर, गार शिसं.
मूठ मिटली तेव्हा कळलं,
कडा अजून बोचतात.